किल्ला नको झालाय? मुंबईला विचारा

तुमच्या गावाला समुद्र आहे, समुद्राला किल्ला आहे आणि तो किल्ला डोळ्यात खुपतोय? मग शत्रूवर विसंबून राहू नका. शत्रू फार तर माझगावचा छोटा किल्ला पाडण्यासारखं एखादं किरकोळ काम करून जातो. अख्खा कोट नाहीसा करायचा तर मालकानेच मनावर घ्यावं लागतं.

सुरुवात भीतीपासून करा. १६८९ साली जंजिऱ्याच्या सिद्दी याकूतखानाने डोंगरीच्या टेकडीवर तोफा चढवल्या आणि इंग्रजांच्या कोटावर गोळे टाकले. तेव्हापासून कंपनी सरकारला दचकून उठायची सवय लागली. पुढे गव्हर्नर बूनने शहराभोवती तट घातला. त्याला दरवाजे तीन: अपोलो, चर्च आणि बाजार. मग १७३९त चिमाजी अप्पांनी वसई घेतली. मराठे साष्टीत, म्हणजे आजच्या उपनगरांत, मधे काय ती माहीमची खाडी! व्यापाऱ्यांनी तटाभोवतीच्या खंदकासाठी चक्क ३०,००० रुपये काढून दिले. हे टिपून ठेवा: गणपतीच्या वर्गणीला दार न उघडणारा माणूस भीतीची वर्गणी घरपोच आणून देतो.

उरली डोंगरीची टेकडी. तिच्यावर पुन्हा कोणी तोफा चढवल्या तर? साधा उपाय, टेकडीच ठेवू नका. ती सपाट करून १७६९त तिथे फोर्ट जॉर्ज उभा केला. तोफांच्या माऱ्याला आडोसा नको म्हणून तटाबाहेरची घरं आणि माडही साफ केले. त्या मोकळ्या रानातलीच आजची आझाद मैदान, क्रॉस मैदान आणि ओव्हल. रविवारी तुम्ही जिथे एलबीडब्ल्यूवरून हमरीतुमरीवर येता, ती जागा तोफगोळ्यांसाठी राखलेली होती.

यापुढे काहीही करायचं नाही. संध्याकाळ झाली की दरवाजे लावायचे, बाहेर राहिला तो सकाळपर्यंत बाहेर, आणि वाट बघायची. तट बांधल्यावर त्याच्यावर कोणी चालून आलंच नाही. १८१८त पेशवाईही बुडाली. आता भ्यायला कोणी उरेना, खंदकात घाण साचली, आणि वर्गणी काढून खणलेल्या त्या खंदकावरून शहर नाकाला रुमाल लावून जाऊ लागलं.

अशा वेळी दूर कुठेतरी युद्ध व्हावं लागतं. ते तुमच्या हातात नाही, पण नशिबावर भरवसा ठेवा. १८६१त अमेरिकेत यादवी पेटली, तिकडचा कापूस अडला आणि मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव आला. पैसा आला की जागा कमी पडते, आणि जागा कमी पडली की वारसा अडगळ होतो. गव्हर्नर बार्टल फ्रियरने रीतसर तट काढण्याची समिती नेमली. सिद्दीच्या तोफा परवडल्या. त्यांना निदान दारूगोळा लागायचा. समितीला शाई पुरली. चर्चगेट गेलं, तिथे १८६४त फ्लोरा फाउंटन आलं. फोर्ट जॉर्जही जमीनदोस्त झाला. त्याच्या भिंतीचा एक तुकडा सेंट जॉर्ज रुग्णालयाच्या आवारात अजून आहे. केसपेपरच्या रांगेतून मोकळे झालात तर बघून या.

नावं मात्र पाडू नका, ती जागा अडवत नाहीत. फोर्टात किल्ला नसला तरी झेरॉक्स, चष्मे आणि वकील मुबलक आहेत, आणि चर्चगेटचा दरवाजा म्हणजे ५:४०च्या फास्ट लोकलचा, तोही आत शिरता आलं तर.

फक्त तुमचा किल्ला भर पाण्यात असेल तर या फंदात पडू नका. ज्या सिद्दीने हे सगळं सुरू केलं, त्याचा जंजिरा राजपुरीसमोर तट-बुरूज आणि तोफांसकट उभा आहे. समुद्रातल्या खडकाला एफएसआय, म्हणजे मजले चढवायची मुभा, मिळत नाही. तेव्हा तिथे भराव टाकायची योजना मंजूर होईपर्यंत धीर धरा.