मुद्दल 222 रुपये

"मुद्दल किती उतरलं?"

आबांनी हे विचारलं तेव्हा माझ्या हातात भडंगाची वाटी होती आणि डोक्यात काहीच नव्हतं. आबा म्हणजे आमचे थोरले चुलते. सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीच्या अडत दुकानात दिवाणजी म्हणून त्यांची हयात गेली. ऐंशीला टेकलेत, पण व्याजाचा हिशेब अजून तोंडी करतात. एप्रिल 2023 चा रविवार होता. विश्रामबागेतल्या फ्लॅटच्या कर्जाला दीड वर्ष झालं होतं आणि ते पहिल्यांदाच निवांत घरी आले होते.

"हप्ता वेळेवर जातोय की आबा. 22,900. एकदाही चुकला नाही."

"हप्ता कुठं विचारला? मुद्दल किती उतरलं?"

मला सांगता येईना. ॲप उघडून स्टेटमेंट काढलं. त्या महिन्याची ओळ अशी होती: हप्ता 22,900, व्याज 22,678, मुद्दल 222.

आबांनी चष्मा वर करून मोबाइल डोळ्यांजवळ नेला. "दोन हजार दोनशे असंल. नीट बघ."

नीटच बघितलं होतं. दोनशे बावीस.

आता मी काय काम करतो तेही सांगतो, म्हणजे लाज पुरती निघेल. कुपवाड एमआयडीसीत एका कारखान्यात मी स्टोअर्सला आहे. नट-बोल्ट कमी पडला तरी मला संध्याकाळपर्यंत कळतं. रोज शिल्लक मोजायचा पगार घेतो, आणि आयुष्यातल्या सगळ्यात मोठ्या खरेदीची शिल्लक दीड वर्ष मोजली नव्हती.

कर्ज घेतलं ते पाण्याच्या धास्तीनं. आमचं जुनं घर गावभागात. 2019 च्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलापाशी कृष्णा 57 फुटांच्या वर गेली, तेव्हा धान्याच्या कोठ्या, आईचं कपाट, माझी दहावीची मार्कलिस्ट, सगळं चिखलात. जुलै 2021 मध्ये नदीनं पुन्हा पन्नाशी ओलांडली आणि बायकोनं सांगून टाकलं, आता मी इथं तिसरा पूर बघणार नाही. सप्टेंबरमध्ये आम्ही विश्रामबागेत दुसऱ्या मजल्यावर टू बीएचके घेतला. कर्ज 30 लाख, मुदत 20 वर्षं, व्याज 6.80 टक्के. रेपो, म्हणजे रिझर्व्ह बँक बाकीच्या बँकांना ज्या दरानं पैसे देते तो दर, तेव्हा 4 टक्क्यांवर होता. एजंट म्हणाला, "साहेब, इतका स्वस्त पैसा परत मिळायचा नाही." खरंच बोलला बिचारा. परत मिळालाही नाही.

मे 2022 पासून रिझर्व्ह बँकेनं रेपो वाढवायला सुरुवात केली. 4 चा फेब्रुवारी 2023 पर्यंत 6.50 झाला. ऑक्टोबर 2019 नंतरची बँकांची फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या व्याजाची, गृहकर्जं बाहेरच्या दराला बांधलेली असतात, बहुतेक ठिकाणी रेपोलाच. त्यामुळे माझे 6.80 चे 9.30 झाले. हप्ता मात्र 22,900 च राहिला. मी ऑफिसात चारचौघांत सांगायचो, "व्याज एवढं वाढलं, पण आमच्या बँकेनं हप्ता वाढवला नाही." अभिमानानं सांगायचो हो!

हप्ता तेवढाच ठेवून व्याज वाढलं की ते वाढलेलं व्याज मुद्दलाच्या वाट्यातून जातं. पहिल्या महिन्यात माझ्या हप्त्यातले 5,900 मुद्दलात गेले होते. दर तीन महिन्यांनी व्याज नव्यानं लागत गेलं तसे त्याचे चार हजार झाले, मग सोळाशे, मग आठशे, मग 222. हरिपूरला पूर्वी हळद जमिनीत खणलेल्या पेवात भरून तोंड बंद करायचे, आत काय चाललंय ते पेव उघडल्यावरच कळायचं. माझं कर्ज तसं पेवात पडलं होतं.

भाच्यानं तिथंच मोबाइलवर हिशेब केला. दर हाच आणि हप्ताही हाच राहिला तर अजून 600 हप्ते. पन्नास वर्षं. मी तेव्हा 38 चा होतो. आबा म्हणाले, "म्हणजे मी एकशेतीस वर्षांचा झाल्यावर तुझ्या घराची वास्तुशांत." त्यांना विनोद सुचला, मला त्या रात्री झोप आली नाही.

सोमवारी अर्धी रजा टाकून बँकेत गेलो. साहेब चांगला माणूस होता, चहा मागवला. म्हणाला, "तुमच्यावर लोड नको म्हणून सिस्टिम आधी मुदत वाढवते. पुढच्या रिव्ह्यूला हप्ता वाढलाच असता." मी विचारलं, मला कळवलं का नाही? तर म्हणे मेसेज गेलाय. गेला होता खरा. दर बदलल्याचा एका ओळीचा इंग्रजी मेसेज, त्याच्या वर गॅस बुकिंगचा आणि खाली लकी ड्रॉचा. मुदतीचं त्यात अवाक्षर नव्हतं.

मूळ वीस वर्षांतच कर्ज संपवायचं तर हप्ता 27,700 करावा लागत होता. म्हणजे महिन्याला 4,800 जादा. बायको शाळेत आहे, तिचा पगार होता म्हणून जमलं. ज्या घरात एकच पगार असेल त्याला हे सांगणं किती सोपं आहे याची मला कल्पना आहे. पण जो भार परवडत नाही तो माणसाला न सांगता त्याच्या म्हातारपणावर ढकलायचा, ह्याला मी सवलत म्हणणार नाही.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये रिझर्व्ह बँकेनं यावर नियम काढला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायला हवं. दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं आणि त्यात आतापर्यंत मुद्दल किती वसूल झालं, व्याज किती, हप्ते किती उरले हे असायला हवं. हप्ता व्याजालाही पुरत नाही अशी वेळ येऊ द्यायची नाही. माझ्या 222 रुपयांची परिस्थिती त्या कडेलाच आली होती. आता हे स्टेटमेंट तुम्हालाही येत असणार. किती जणांनी उघडलंय, खरं सांगा.

आपल्याकडे घर बघायला गेलं की पहिला प्रश्न "हप्ता किती बसतो?" बिल्डरचा माणूसही त्याच भाषेत बोलतो. वीस वर्षांचा हप्ता जड वाटला की लगेच "तीस वर्षं करू की साहेब, तीन हजारांनी हलका होईल." 30 लाख, साडेआठ टक्के धरा. वीस वर्षांना हप्ता 26,035, तीस वर्षांना 23,067. कमी झाले 2,968 रुपये. आणि व्याज? वीस वर्षांना साधारण साडेबत्तीस लाख, तीस वर्षांना त्रेपन्न लाख. महिन्याचे तीन हजार वाचवायला साडेवीस लाख मोजायचे. त्या पैशात कुपवाडला एखादा वन बीएचके बघता आला असता, पण तो विषय नको.

हेच उलट्या बाजूनंही चालतं. त्याच वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या महिन्यापासून फक्त 2,170 रुपये जास्त भरले, म्हणजे वर्षाकाठी एक हप्ता जादा, तर कर्ज साडेसोळा वर्षांत फिटतं आणि साडेसहा लाखांच्या आसपास व्याज वाचतं. सुरुवातीच्या वर्षांत व्याजाचाच वाटा मोठा असतो, म्हणून तेव्हा घातलेला जादा रुपया सगळ्यात लांब पळतो. पंधराव्या वर्षी बोनस ओतून तेवढी मजा येत नाही. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर आधी पैसे भरले म्हणून बँकेला दंड लावता येत नाही, 2012 पासून. तरी काउंटरवर कुणी "चार्जेस लागतील" म्हणालं तर लेखी मागा. सूर बदलतो.

आता एक गोष्ट स्वतःविरुद्ध बोलतो. "30 लाखांचे 62 लाख भरावे लागतात" असे मेसेज फिरतात, त्यांचा मला कंटाळा आला आहे. वीस वर्षांनंतरचे 26 हजार आणि आजचे 26 हजार एक नव्हेत. वडिलांनी 1990 च्या सुमारास पतसंस्थेचं कर्ज काढून गावभागातल्या घरावर स्लॅब टाकला होता. तेव्हा त्यांना डोंगर वाटणारा हप्ता शेवटी शेवटी आमच्या दुधाच्या बिलाएवढा झाला होता. पगार वाढतो, महागाई कर्ज खाते, हे खरंच आहे. कर्जाशिवाय आमच्यासारख्यानं पुराच्या रेषेबाहेर घर घेतलंच नसतं. म्हणून मी "कर्ज काढू नका" म्हणणाऱ्यांतला नाही. पण महागाई तुमचं कर्ज खाणार असेल तर मुदत तरी एका जागी थांबायला हवी ना? ती रबरासारखी ताणली गेली की तो सगळा युक्तिवाद ओंफस्.

विम्याचंही सांगतो, कारण तिथं मी सरळसरळ फसलो. माझ्या 30 लाखांतले 90 हजार घराचे नव्हतेच. कर्जाच्या विम्याचा एकरकमी प्रीमियम कर्जातच घातला होता. "कंपल्सरी आहे," एजंट म्हणाला. तो कंपल्सरी नसतो, हे मला नंतर कळलं. दर एक पैसाही वाढला नसता तरी त्या 90 हजारांचे वीस वर्षांत 1 लाख 65 हजार होत होते. आणि गंमत पुढंच आहे. अशा विम्याचं संरक्षण मूळ वेळापत्रकाप्रमाणे वर्षागणिक कमी होत जातं. माझं कर्ज जागेवर उभं, विमा मात्र ठरल्याप्रमाणे उतरतोय. उद्या माझं काही झालं असतं तर मधला फरक बायकोच्या गळ्यात. विमा घ्याच, पण साधा टर्म प्लॅन, वेगळा, आपल्या खिशातून.

"पण टॅक्स वाचतो ना!" हे वाक्य आमच्या कँटीनमध्ये रोज ऐकू येतं. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर 2 लाखांपर्यंतची वजावट मिळते ती जुन्या करप्रणालीत. नवीन प्रणालीत ती नाही. आणि 2025-26 पासून नवीन प्रणालीत 12 लाखांपर्यंतच्या पगाराच्या उत्पन्नावर कर शून्य. आमच्या कारखान्यातल्या बहुतेकांचा पगार त्याच्या कितीतरी आत आहे. जो कर लागतच नाही तो वाचवण्यासाठी हे लोक कर्ज जिवंत ठेवून बसलेत. वीस टक्क्यांच्या टप्प्यातला जुन्या प्रणालीतला माणूस धरला तरी दोन लाख व्याज देऊन चाळीस हजार परत आणणं, ह्याला कमाई म्हणायला मोठं मन लागतं.

शेजारच्या सरांची तऱ्हा आणखी वेगळी. त्यांचं कर्ज 2017 चं, एमसीएलआरवर, म्हणजे बँक स्वतःच्या खर्चावरून ठरवते त्या जुन्या पद्धतीच्या दरावर. व्याज चढताना लगेच चढलं, उतरताना बसची वाट बघत राहिलं. त्याच बँकेत नवीन गिऱ्हाइकाला त्यांच्यापेक्षा पाऊण टक्का कमी दर मिळत होता. त्यांनी अर्ज केला, थोडी फी भरली आणि रेपोवर आले. बँकेनं आपणहून कधी बोलावलं नव्हतं. टॉप-अप लोन घ्या म्हणून मात्र महिन्यातून दोनदा फोन यायचा.

2025 मध्ये रेपो उतरायला लागला. फेब्रुवारी, एप्रिल, जून, डिसेंबर, असं करत 6.50 वरून 5.25 वर आला. माझा दर 8.05 झाला. ग्रुपवर लगेच चर्चा, "हप्ता कमी करून घेतलास का?" मी घेतला नाही. 27,700 ची सवय झाली आहे, तेवढेच जाऊ देत. चढताना मुदतीनं मला खाल्लं, उतरताना मी मुदतीला खातोय.

तरीही आकडा ऐकून घ्या. डिसेंबर 2025 पर्यंत माझे 51 हप्ते गेले. एकूण भरले 13 लाख 21 हजार. त्यातलं व्याज साडेदहा लाख. मुद्दल उतरलं 2 लाख 71 हजार.

परवा संक्रांतीचा तिळगूळ द्यायला आबांकडे गेलो. गुडघे दुखतात म्हणून आता ते फारसे बाहेर पडत नाहीत. खाटेवर बसून हळदीच्या विक्रीच्या जुन्या पट्ट्यांच्या, म्हणजे पावत्यांच्या, पाठीवर काहीबाही आकडे लिहीत असतात. तिळगूळ तोंडात टाकला आणि म्हणाले, "हं. बोल."

"ह्या महिन्यात मुद्दल 9,400 च्या आसपास, आबा."

"बाकी?"

"27 लाख 28 हजार होती. त्यातून हे गेले."

त्यांनी पट्टीच्या पाठीवर ते लिहिलं, खाली रेघ मारली, आणि आत हाक दिली, "सूनबाई, ह्याला जेवूनच जाऊ दे."