दोन टीबी, पाचशे रुपये, डबी फुकट

भावा, आपण कोल्हापूरकर म्हणजे फसणाऱ्यातले नव्हं, हे आधी डोक्यात फिट्ट बसवून घे. दूध प्यायचं असलं तर आपण गंगावेशीच्या कट्ट्यावर जातो, म्हशीची धार डोळ्यासमोर काढाय लावतो आणि ग्लासात फेस किती आणि दूध किती ह्यावरनं गवळ्याशी दोन शब्द बोलतो. गुळाची ढेप घेताना खडा मोडून जिभंवर ठेवला की सांगतो, ह्यात साखर घातलीया. मटणाचा दर वाढला तर रस्त्यावर उतरतो, टोल बसवला तर तो घालवूनच गप्प बसतो. असं हे गाव. त्यामुळं पेनड्राइव्ह नाहीतर हार्डडिस्क घ्यायला जाशील तेव्हा एवढंच लक्षात ठेव, की ह्यातलं काहीएक करायचं नाही. डबी बघायची, दर विचारायचा, खिशात टाकायचं आणि 'चला, काम झालं' म्हणून मिसळ खायला जायचं.

पहिला प्रश्न, घ्यायचं कुठनं. राजारामपुरीत कॉम्प्युटरची दुकानं आहेत, वर्षानुवर्षं तिथंच बसलेली माणसं आहेत, उद्या भांडायला गेलास तर तोंड दाखवावं लागेल अशी. असल्या ठिकाणी अजिबात जायचं नाही. भांडायला पत्ता असला की मजा जाते. त्यापेक्षा रात्री दीड वाजता मोबाईलवर जी जाहिरात येते ना, '२ टीबी पेनड्राइव्ह फक्त ४९९, आज शेवटचा दिवस', ती बरी. तो शेवटचा दिवस गेली तीन वर्षं चालू आहे, म्हणजे कंपनी टिकाऊच असणार की. नाहीतर एखाद्या प्रदर्शनात जायचं, जिथं एका बाजूला लोणची, एका बाजूला मसाज करायची खुर्ची आणि मधी टोपलीत पेनड्राइव्ह ठेवलेले असतात, बटाट्यासारखे.

खऱ्या २ टीबीला हजारोंनी पैसे पडतात मग हा पाचशेला कसा परवडतो, असला प्रश्न विचारायचा नाही. विचारलाच तर उत्तर सोपं आहे, पण ते मी तुला सांगितलं म्हणून कुणाला सांगू नकोस. दोन टीबी म्हणजे दोन हजार जीबी, आणि आत चिप असते सोळा नाहीतर बत्तीस जीबीची. शेजारी जो छोटा कंट्रोलर असतो त्याला शिकवून ठेवलेलं असतं, कुणी विचारलं तर दोन टीबी सांग. कॉम्प्युटर बिचारा विचारतो, तो सांगतो दोन टीबी, कॉम्प्युटर मान डोलावतो. मग तू फायली टाकत जातोस, तो 'हो हो' म्हणत घेत जातो आणि खरी जागा संपली की पुढचं सगळं एकतर आधीच्या डोक्यावर लिहितो नाहीतर सरळ हवेत सोडतो. फायलींची यादी मात्र सुरुवातीच्या भागात असते, ती शाबूत राहते. नाव दिसतं, साईज दिसते, तारीख दिसते. उघडत तेवढं नाही. लग्नाच्या पंगतीत पत्रावळ्या मांडल्यात, द्रोण मांडलेत, मीठ-लिंबूसुद्धा वाढलंय, आणि भटारखाना रिकामा.

मी स्वतः केलंय की हे, उगंच बोलत नाही. चुलत बहिणीच्या लग्नाचं शूटिंग, फोटो, सगळं मिळून पावणेदोनशे जीबी झालं, लॅपटॉपची जागा भरली म्हणून असाच एक दोन टीबीवाला प्रदर्शनातनं आणला, रात्रभर कॉपी लावली, सकाळी यादी बघितली, सगळं आलेलं, मग मोठ्या समाधानानं लॅपटॉपवरचं उडवलं आणि रिसायकल बिनसुद्धा रिकामी केली, कारण मला स्वच्छतेची आवड. सहा महिन्यांनी टीव्हीला लावला. हळद पूर्ण दिसते, एकदम झकास. अक्षतांपासनं पुढं काही नाही. आमच्या घरच्या रेकॉर्डप्रमाणं ते लग्न अजून हळदीतच अडकलंय आणि बहिणीला दोन पोरं आहेत. मग स्टॉलवाला शोधायला गेलो तर त्या मैदानावर सर्कस उभी होती. म्हटलं, बरोबर आहे.

तपासायची साधनं आहेत म्हणे. एच-टू-टेस्ट-डब्ल्यू नावाचं एक जर्मन प्रोग्रॅम आहे, फुकट आहे, अख्खा पेनड्राइव्ह ठराविक डेटानं भरतं आणि परत वाचून बघतं, जेवढं खरं तेवढंच बाहेर येतं. लिनक्सवाल्यांसाठी एफ-थ्री आहे, त्याच्या नावाचा अर्थच मुळी फ्लॅशच्या, म्हणजे पेनड्राइव्हमधल्या असल्या चिपच्या, फसवणुकीशी मारामारी. पण ह्याला वेळ लागतो, मोठा ड्राइव्ह असला तर दिवससुद्धा जातो, आणि एवढा वेळ आपल्याकडं कुठला? म्हशीसमोर ग्लास धरून अर्धा तास उभं राहणं वेगळं, ते दूध आहे.

आता तुला ह्या धंद्यातला एकमेव प्रामाणिक माणूस सांगतो आणि हे उपरोधानं म्हणत नाही हां. उसाचा सीझन सुरू झाला की गावाकडच्या मोबाईलच्या टपरीवर ट्रॅक्टरवाले येतात, कारखान्यावर नंबर लागेपर्यंत रात्र काढायची असते, तर एक मेमरी कार्ड द्या आणि गाणी भरून द्या. टपरीवाला पोरगा विचारतो, टेप कुठला आहे? कारण जुन्या टेपला फॅट-थर्टीटू फॉरमॅटच लागतो, दुसरं लावलं तर तो 'नो फाईल' म्हणून गप्प बसतो. मग भक्तिगीतं वेगळी, लावण्या वेगळ्या, डीजेच्या वेगळ्या, असे फोल्डर पाडून देतो आणि पैसे घ्यायच्या आधी वाजवून दाखवतो. वाजवून दाखवतो भावा! शोरूममध्ये टाय लावून बसलेला माणूस हे करत नाही. गाण्यांचे हक्क कुणाचे हा विषय तिथं काढायचा नाही, तेवढं सांभाळ.

हार्डडिस्क घेणार असशील तर पहिलं दुकानदाराशी भांडण काढायचं, ते तर आपलं कर्तव्यच. डबीवर लिहिलंय १ टीबी, कॉम्प्युटर दाखवतो ९३१ जीबी. ही सरळसरळ काटामारी! कारखान्याच्या काट्यावर शेतकरी ओरडतो तसं ओरडायचं, '६९ जीबी कुणी खाल्लं?' तो बापडा सांगाय बघंल की कंपनी हजारानं मोजती, विंडोज एक हजार चोवीसनं मोजतंय, म्हणून दहाचा बारावा घात बाइट विंडोजच्या मापानं ९३१च भरतात, कुणी काही खाल्लेलं नाही. ऐकायचं नाही. गंमत बघ, ज्या एका ठिकाणी खरंच कुणी फसवत नाही तिथं आपण आस्तीन वर करतो, आणि ज्यानं दोन टीबी म्हणून बत्तीस जीबी हातात टेकवली त्याला वर 'सुट्टे राहू दे' म्हणून येतो.

मग पुढचा टप्पा, बिल. दुकानदार हळू आवाजात विचारतो, 'बिल पायजे का?' हा प्रश्न ऐकल्यावर तुझ्या अंगावर रोमांच आले पाहिजेत. बिल घेतलं तर १८ टक्के जीएसटी, नाही घेतलं तर तेवढे वाचले. वाचव. एकदम बरोबर निर्णय. वॉरंटीच्या वेळी कंपनी खरेदीचा पुरावा मागते ती तिची खोड आहे, आपण काय करणार. आणि तसंही वॉरंटी म्हणजे काय, बंद पडलेली डिस्क द्यायची, ती गाडीत बसून पुण्या-मुंबईला जाते आणि काही आठवड्यांनी तिच्याऐवजी दुसरीच कुणीतरी परत येते, बहुतेक वेळा दुरुस्त केलेली. तुझा डेटा तिच्यात नसतो. वॉरंटी डब्याला असते रे, आतल्या लाडवाला नव्हं.

'सेकंड आहे पण कंडिशन एक नंबर, ऑफिस युज' अशी डिस्क मिळाली तर सोडू नकोस. ऑफिस म्हणजे कुठलं तर बहुतेक एखाद्या पेट्रोल पंपाचा नाहीतर मंगल कार्यालयाचा सीसीटीव्ही, जो चोवीस तास, बाराही महिने चालू होता. क्रिस्टल-डिस्क-इन्फो म्हणून एक प्रोग्रॅम आहे, तो डिस्क किती तास चालली ते दाखवतो. चाळीस हजार तास दिसले तर हिशेब करत बसू नकोस, साडेचार वर्षं अखंड फिरलीया, म्हणजे अनुभवी आहे. शून्य तास दिसले तर आणखी छान. २०२५ च्या सुरुवातीला जर्मनीत अशाच शून्य तासवाल्या सीगेट कंपनीच्या 'नव्या' डिस्क सापडल्या, तास पुसून विकलेल्या. आतल्या दुसऱ्या नोंदीत खरा आकडा तसाच राहिला होता म्हणून पकडल्या. चिया नावाचं एक क्रिप्टो चलन आहे, ते डिस्कच्या जागेवर पिकवतात, त्या शेतातनं त्या आल्या असाव्यात असा संशय, कंपनी म्हणाली आम्ही विकल्या नाहीत. जिथं गाड्यांचं किलोमीटर मागं फिरवायला येतं तिथं डिस्कचं यायला काय अडचण आहे? एमएच ०९ पासिंगची जुनी गाडी घेतलेल्या माणसाला मी हे काय शिकवायचं.

दराचं एक सांगतो, ते मात्र आपल्या हातात नाही. २०११ च्या ऑक्टोबरात थायलंडला महापूर आला, हार्डडिस्क बनवणाऱ्या वेस्टर्न डिजिटलचे तिथले कारखाने पाण्यात गेले आणि काही आठवड्यांत जगभर हार्डडिस्कचे दर चढले, काही मॉडेल तर दुपटीच्या घरात. इथं गिऱ्हाईक दुकानात उभं राहून विचारत होतं, पूर थायलंडला आणि दर राजारामपुरीत का? ज्या गावाचा माणूस पावसाळ्यात सकाळी उठून पेपरच्या आधी पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्याची पातळी बघतो, त्याला हे समजाय अवघड नव्हतं खरं तर. आज जगात हार्डडिस्क बनवणाऱ्या कंपन्याच तीन उरल्यात, सीगेट, वेस्टर्न डिजिटल आणि तोशिबा. एकीच्या अंगणात पाणी शिरलं की सगळ्या गावाचं पीठ ओलं. आता पूर नाही तर एआय आहे, डेटा सेंटरवाल्यांनी मेमरीवर उड्या टाकल्या, दर वर गेले, आणि २०२५ च्या डिसेंबरात मेमरी बनवणाऱ्या मायक्रॉननं आपला क्रुशिअल हा आपल्यासारख्या किरकोळ गिऱ्हाइकांचा ब्रँडच बंद करत असल्याचं जाहीर केलं. तेव्हापासनं दुकानदार जुना स्टॉक काढताना एकच शब्द बोलतात, 'एआय'. कव्हरवर धूळ आहे, दर नवा आहे.

ठेवायचं कसं, हा शेवटचा अध्याय. तीन प्रती असाव्यात, दोन वेगवेगळ्या प्रकारच्या गोष्टींवर, आणि एक घराबाहेर, असं काही शहाणे लोक सांगतात. दुर्लक्ष कर. आजोबांच्या फोटोपासनं पोराच्या बारशापर्यंत सगळं एकाच डिस्कवर ठेव, डिस्क सीपीयूच्या आतच ठेव, सीपीयू टेबलाखाली जमिनीवर ठेव, आणि शक्य असलं तर घर शाहूपुरीत नाहीतर शुक्रवार पेठेत नदीच्या अंगाला तळमजल्यावर घे. पाणी ४३ फुटांच्या धोका पातळीकडं सरकायला लागलं की आपण काय करतो ते मी २०१९ ला बघितलंय, २०२१ ला परत बघितलंय. गॅसची टाकी माळ्यावर, तांदळाचं पोतं माळ्यावर, टीव्ही माळ्यावर, रेशन कार्ड आणि दागिने पोटाशी. सीपीयू राहतो खाली. नंतर घरी येऊन चिखल काढताना आठवतो.

एसएसडी, म्हणजे फिरत्या तबकडीऐवजी फ्लॅश चिपवर चालणारी डिस्क, घेतली असलीस तर कपाटात टॉवेलखाली ठेवून चारपाच वर्षं विसरून जा. फ्लॅशमधला डेटा म्हणजे कोंडून ठेवलेला चार्ज असतो आणि करंट न देता नुसता ठेवला तर तो हळूहळू गळू शकतो, वापरून झिजलेल्या एसएसडीतनं तर जास्तच. पण 'बँकेत ठेवल्यासारखं आहे' असं म्हणायला काय जातंय. आणि हार्डडिस्क कट्-कट् आवाज करायला लागली तर लगेच बंद करू नकोस, चारदा चालू करून बघ, मग एखाद्या मित्राचं ऐकून फ्रीजरमध्ये ठेव, मग स्क्रू काढून झाकण उघड. आतल्या तबकडीवरनं डेटा वाचणारा हेड काही नॅनोमीटर अंतरावर तरंगत असतो, म्हणजे धुळीचा कण त्याच्यापुढं पन्हाळा. एकदा आपल्या हवेत उघडलीस की डेटा काढून देणाऱ्यालासुद्धा कामाला सोपं जातं, तो लांबनंच हात जोडतो.

तसं बघितलं तर आपल्या गावाला हे नवीन नाही. बाबूराव पेंटरांनी इथं मूकपट काढले, त्यातले बहुतेक आज बघायला शिल्लक नाहीत. ती रिळं निदान जळण्याच्या जातीची तरी होती. आपण तर टोपलीतनं निवडून आणतो.

आणि हां, तो माझा दोन टीबीवाला अजून आहे. त्यातले बत्तीस जीबी एकदम खरे आहेत, मी सगळं तपासून बघितलंय, ट्रॅक्टरच्या टेपला मस्त चालतो. हळद पुसून देतो. डबी आहे, बिल नाही. अडीचशेला नेतोस का?