पाय फुटलेली अक्षरं

काल धुळ्यात आग्रा रोडजवळच्या एका फ्लेक्सच्या दुकानात माझ्या अक्षरांचा पंचनामा झाला.

काम साधं होतं. ओळखीतल्या एकाला चहाच्या दुकानासाठी 'जुन्या जमान्यातला' बोर्ड हवा होता. मी कूपर ब्लॅक काढला. शिकागोच्या ऑस्वाल्ड कूपरने १९२२ साली केलेला, कडा गोल, पोट सुटलेला फॉन्ट. साठ-सत्तरच्या दशकात जाहिरातींनी त्याला डोक्यावर घेतलं होतं. इंग्रजी नाव झकास बसलं. पण २०२२ पासून पाटीवरचं मराठी इतर लिपीपेक्षा लहान चालत नाही, आणि कूपरशेजारी शोभेल असं देवनागरी मला मिळेना. शेवटी हातानेच काढलं. आपली अक्षरं शिरोरेषेला टांगलेली, खाली काना नुसताच लोंबतो. म्हणून कान्यांना खाली कूपरसारख्या टाचा दिल्या. कौतुकाची अपेक्षा नव्हती, असं म्हणणं खोटं होईल.

शेजारच्या स्टुलावर पांढऱ्या टोपीतले एक नाना नातवाच्या वाढदिवसाच्या बॅनरसाठी बसले होते. स्क्रीनकडे मान वळवून म्हणाले, "भाऊ, या अक्षरसले पाय काब्र फुटेल शेतस?"

"नाना, ती जुनी पद्धत आहे."

"कोठे चालनात त्या?"

ऑपरेटर हसला. मी सेरिफ, म्हणजे अक्षराच्या टोकाला असलेली ही टाच, समजावू लागलो. नानांनी ऐकलं, मग बोट दाखवून विचारलं, "इतलं जाड अक्षर. शाई जास्त लागस ना? मंग पैसा कोन देस?"

फ्लेक्सचा भाव चौरस फुटावर असतो, शाईवर नाही, हे ऑपरेटरने सांगितलं. नाना गंभीर झाले. जाड अक्षराला आणि बारीक अक्षराला एकच भाव, म्हणजे यांच्या बॅनरवर दुकानदार आजवर शाई वाचवत आला! तिथून पुढे दुकानदाराची उलटतपासणी; माझं काम थांबलेलं. मग नानांचं बॅनर उघडलं. आकाशी रंगावर शुभेच्छुकांची तोंडंच तोंडं.

"दख भाऊ," नाना म्हणाले, "मना बॅनरवर एकलेबी पाय नहीत. काही अडस का?"

काही अडत नव्हतं, हे खरं. तेच लागलं.

आज सकाळी बोर्ड चढला. ऑपरेटरने टाचा छाटल्या, लाल अक्षरांना पिवळी कड दिली, मागे वाफाळता कप टाकला. मालक खूश. मेहनतान्याचं विचारलं तर म्हणतो, "अक्षरं तर दुकानवाल्यानेच टाकली ना भाऊ? त्याने डिझाइन चार्ज लावलाय. तुमचं काय राहिलं त्यात?"

इंग्रजी नाव मात्र कूपरमध्येच आहे. त्याचे पैसेही मी मागणार आहे.