शेवटी ‘लु’ लावून तेलुगू येत नसते

‘मराठी माणसासाठी तेलुगू आठ दिवसांत’ हा मेसेज ग्रुपांवर फिरत होता तोवर सोडून दिला. आता सिकंदराबादला नोकरी लागलेला माझा भाचा तोच पाठ करून राहिला आहे, म्हणून लिहिणं आलं.

मेसेजचं म्हणणं असं: तेलुगू संस्कृतातून निघाली, तेव्हा मराठी शब्दाला ‘मु’ नाहीतर ‘लु’ लावा, वाक्याच्या शेवटी ‘रा’ टाका, लोक आपलं मानतात, लिपीच्या भानगडीत पडू नका, अडलंच तर हिंदी आहेच.

‘रा’ आधी घेतो, कारण त्यापायी पोराची खोली हातची जाईल. घरमालकाला फोनवर तो म्हणणार होता, ‘अंकल, एं चेस्तुन्नाव् रा?’ म्हणजे, काका, काय करून राहिला बे? असं विचारणाऱ्याला इथे नागपुरात धंतोलीत तरी कोणी खोली देईल का? तू म्हणजे ‘नुव्वु’, तुम्ही म्हणजे ‘मीरु’, आणि क्रियापदही त्याप्रमाणे बदलतं. अनोळखी माणसाला ‘एं चेस्तुन्नारंडी’, म्हणजे शेवटी आदराचं ‘अंडी’; नावापुढे आदराचं ‘गारु’. नवशिक्याने पहिल्या दिवशी हे ‘अंडी’ आणि ‘गारु’ तोंडात बसवावं. बाकीच्या चुका लोक हसून सोडून देतात, ही नाही.

संस्कृताचा मुद्दा तर १८१६ सालीच निकालात निघाला. कॅम्पबेल या इंग्रजाच्या तेलुगू व्याकरणाला जोडलेल्या टिपणात मद्रासचे इंग्रज अधिकारी एफ. डब्ल्यू. एलिस यांनी तेलुगू, तमिळ, कन्नड यांचं मूळ एकच आणि ते संस्कृताबाहेरचं, हे दाखवून दिलं. उसने संस्कृत शब्द ढीगभर आहेत, कबूल, ‘पुस्तकमु’ होतं. पण घर ‘इल्लु’, पाणी ‘नीळ्ळु’, मीठ ‘उप्पु’. हॉटेलात ‘पाणीलु’ मागा आणि तहानलेले बसा. आणि ‘पुस्तकालु’ म्हणजे अनेक पुस्तकं, हे त्या मेसेजवाल्याच्या गावीही नाही.

मराठी माणसाला तेलुगू थोडी सोपी जाते हे खरं, पण कारण भलतंच आहे. आम्ही आणि आपण यांतला फरक हिंदीवाल्याला समजावून सांगावा लागतो; तेलुगूत ‘मेमु’ आणि ‘मनमु’ आयते आहेत. नाही, नव्हे, नको यांच्या जागी लेदु, कादु, वद्दु. ‘चमचा’तला च आणि आपला ळसुद्धा तिकडे आहे.

लिपी? बोलण्यापुरती नसली तरी चालेल. फक्त आपल्या नेहमीच्या देवनागरीत ऱ्हस्व-दीर्घ ए आणि ओ सारखेच दिसतात, म्हणून ऐकून शिका. हैदराबादेत हिंदी चालते, तेही खरं. ऑफिसातले जेवताना आपसात बोलतील तेव्हा मात्र भिंतीकडे बघत बसावं लागेल.

भाच्याला म्हटलं, मेसेज डिलीट कर आणि जायच्या आधी सिरोंच्याला जाऊन ये. गडचिरोलीतच आहे, बाजारात तेलुगू चालते. भाजी घे, भाव कर, ‘अंडी’ लावून.