दक्षिणावर्ती शंख ओळखण्याचा तो मेसेज चुकीचा आहे

नाशिकच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर फिरणाऱ्या मेसेजचा मजकूर थोडक्यात असा: खरा दक्षिणावर्ती शंख, म्हणजे उजव्या तोंडाचा, दुर्मिळ म्हणून महाग विकला जाणारा, गोदावरीत, रामकुंडापाशी मिळतो. शेंडा वर धरून तोंड उजवीकडे दिसलं की तो दक्षिणावर्ती. रात्रभर मिठाच्या पाण्यात टिकला तर अस्सल, आणि कानाला लावला की ॐ ऐकू येतो. यातली एकही गोष्ट खरी नाही.

गोदावरीचं आधी. पूजेचा शंख म्हणजे 'टर्बिनेला पायरम' या समुद्री गोगलगाईचं कवच. ती खाऱ्या पाण्यात, वाळूच्या तळावर राहते. तुतिकोरिन आणि रामेश्वरमजवळचा मन्नारचा आखात हे तिचं जुनं प्रसिद्ध ठिकाण. त्र्यंबकच्या ब्रह्मगिरीवरून येणाऱ्या गोड्या पाण्यात ती जगूच शकत नाही.

खरा घोळ शेंड्याचा आहे, आणि पैसे इथेच बुडतात. शंखाचा वळशांचा शेंडा खाली करा, अर्घ्याचं पाणी ओततो ती निमुळती पन्हळ वर करा आणि तोंड स्वतःकडे वळवा. आता तोंड उजव्या हाताला असेल तरच तो दक्षिणावर्ती. मेसेजप्रमाणे शेंडा वर धरलात, तर पंचवटीतल्या दुकानातला साधा वामावर्ती, म्हणजे डाव्या तोंडाचा शंखसुद्धा उजव्या तोंडाचा दिसेल! गोंधळ वाढतो तो प्राणिशास्त्राच्या पुस्तकांमुळे. तिथे शेंडा वर धरायची रीत आहे, त्यामुळे आपला दक्षिणावर्ती तिथे 'डाव्या वळणाचा' ठरतो.

दिशा जुळली तरी थांबू नका. अमेरिकेच्या किनाऱ्यावरची 'लायटनिंग व्हेल्क' ही वेगळी गोगलगाय जन्मतःच त्याच दिशेने वळलेली असते आणि तिथे भरपूर मिळते. तिचं कवच घासून, पांढरं करून दक्षिणावर्ती म्हणून खपवतात. मोबाइलचा टॉर्च तोंडात मारा आणि वळसे ज्याभोवती फिरतात त्या मधल्या खांबावरून बोट फिरवा. आपल्या शंखाला तिथे आडव्या ३-४ ठसठशीत घड्या बोटाला लागतात. व्हेल्कचा खांब गुळगुळीत असतो. घड्या नाहीत, तर घेऊ नका. रेझिनच्या ओतीव नकलेत घड्याही उमटू शकतात, म्हणून साच्याची बारीक शिवण आणि हवेचे बुडबुडेही शोधा.

मिठाच्या पाण्यातली परीक्षा तर निरर्थकच. जे कवच समुद्रातच वाढलं, त्याला मीठ काय करणार? व्हेल्क टिकेल, प्लास्टिकही टिकेल. लिंबाचा थेंब टाकण्याचा सल्लाही मानू नका. कवच कॅल्शियम कार्बोनेटचं असल्याने फेस येतो खरा, पण तो व्हेल्कवरही येतो, आणि तुमच्या शंखाची झिलई तेवढ्या जागी कायमची जाते.

ॐचं म्हणाल तर स्टीलचा रिकामा पेला कानाला लावून पाहा. तसाच घुमारा येईल. आजूबाजूचेच आवाज पोकळीत घुमतात. वळण डावं की उजवं, याचा त्याच्याशी संबंध नाही.

आरतीला फुंकायला शंख हवा असेल तर शेंडा कापलेला साधा वामावर्तीच घ्या. कापलेली कड गुळगुळीत आहे ना, तेवढं ओठ लावण्याआधी बोटाने तपासा.