लिझ स्मिथ पन्नाशीत ‘सुरू’ झाल्या नव्हत्या

ब्रिटिश अभिनेत्री लिझ स्मिथ यांची गोष्ट प्रेरणादायी मजकुरांतून सारखी फिरत असते. लंडनच्या दुकानात खेळणी विकणारी, अभिनयाचा गंधही नसलेली बाई. पन्नाशीच्या उंबरठ्यावर एका दिग्दर्शकाचा फोन येतो आणि नशीब फळफळतं. मग शेवटपर्यंत ती विक्षिप्त म्हातारीची एकच भूमिका करत राहते. यातलं दुकान खरं आहे, फोनही खरा आहे. बाकीचं मला मान्य नाही, कारण त्यात एका बाईची कित्येक वर्षांची मेहनत पुसली जाते.

आधी तो ‘गंध’. लिझ यांचा जन्म १९२१चा, इंग्लंडमधल्या स्कनथॉर्पचा. आई लहानपणीच गेली, वडील सोडून गेले, आजीने वाढवलं. दुसऱ्या महायुद्धात त्या नौदलाच्या महिला विभागात होत्या. त्या नोकरीत त्यांनी भारतही पाहिला. पुढे लग्न, दोन मुलं आणि १९५९मध्ये घटस्फोट. पदरात दोन मुलं, हाताला मिळेल ते काम, आणि अशा दिवसांतही त्या चार्ल्स मॅरोविट्झ यांच्या प्रायोगिक नाट्यगटात जात राहिल्या. संहिता हातात नसताना पात्र उभं करायचं, समोरचा काय करेल ते ठाऊक नसताना त्याला उत्तर द्यायचं, ही तिथली तालीम. ती त्यांनी वर्षानुवर्षं केली. त्याचे पैसे मिळत नव्हते म्हणून तो अभिनय नव्हता का?

आता तो फोन. तो माइक ली यांचा होता, ‘ब्लीक मोमेंट्स’ (१९७१) या त्यांच्या पहिल्या चित्रपटासाठी. ली आधी पटकथा लिहून ठेवत नाहीत. नटांबरोबर उत्स्फूर्त तालमी करत पात्रं घडवतात. त्यांना मध्यमवयीन आणि अशा पद्धतीने काम करू शकणारी स्त्री हवी होती. काउंटरवरच्या कुठल्याही विक्रेतीला हे जमलं नसतं. दुकानात वाजलेला फोन लक्षात राहतो, त्याआधीच्या तालमी कुणी सांगत नाही.

आणि ‘एकच भूमिका’? दोनच वर्षांनी बीबीसीवर ली यांचाच ‘हार्ड लेबर’ हा टीव्हीपट आला. त्यात लिझ मुख्य भूमिकेत आहेत: स्वतःच्या घरी राबणारी आणि पैशासाठी दुसऱ्याच्या घरी झाडलोट करणारी मिसेस थॉर्नली. विक्षिप्तपणाचा लवलेश नाही. फार थोडं बोलणारी, सोसत राहणारी बाई. ज्यांनी लिझना फक्त विनोदी मालिकांत पाहिलंय, त्यांनी हे एकदा पाहाच.

१९८४च्या ‘अ प्रायव्हेट फंक्शन’ या चित्रपटात त्या मॅगी स्मिथ यांची आई झाल्या. प्रत्यक्षात दोघींच्या वयात जेमतेम तेरा वर्षांचं अंतर! या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा हा ब्रिटिश चित्रपट पुरस्कार मिळाला. ‘द व्हिकार ऑफ डिब्ली’ या विनोदी मालिकेतली विचित्र पदार्थ करणारी लेटिशिया, ‘चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी’मधली आजी, या भूमिका विक्षिप्त म्हाताऱ्यांच्या आहेत, हे कबूल.

पण ‘द रॉयल फॅमिली’ या विनोदी मालिकेतल्या नानाला, म्हणजे आजीला, त्या रांगेत बसवू नका. (हे रॉयल म्हणजे आडनाव, मँचेस्टरचं साधं कामगार कुटुंब, कायम टीव्हीसमोर बसलेलं.) नाना हट्टी आहे, मतलबी आहे, लाडीगोडी लावून स्वतःचं करून घेणारी आहे. लोक तिच्यावर हसत हसतच जीव लावून बसले. मग २००६चा ‘द क्वीन ऑफ शीबा’ हा विशेष भाग आला. नानाचं अंथरूण लेकीच्या घरी, टीव्हीच्याच खोलीत घातलंय. लेक बार्बरा तिचे केस नीट करून देते, दोघी बोलतात. टाळीचं वाक्य नाही, रडारड नाही, आणि तरी कळतं की ही म्हातारी आता जाणार. लिझ तेव्हा ८४ वर्षांच्या होत्या.