बार्बरा विंडसर म्हणजे नुसती उडालेली बिकिनी नव्हे

ब्रिटिश विनोदी अभिनेत्री बार्बरा विंडसरबद्दल एक ठरावीक मजकूर फिरत असतो. ती ‘कॅरी ऑन’ या विनोदी चित्रपटमालिकेतल्या सगळ्या चित्रपटांत होती, बिकिनी उडण्याच्या एका दृश्यावर तिचं अख्खं करिअर निभावलं, अभिनय असा तिला करावाच लागला नाही, आणि उतारवयात ‘ईस्टएंडर्स’ या टीव्ही मालिकेत ती स्वतःचीच भूमिका करत राहिली. यातलं जवळजवळ काहीच खरं नाही, आणि तरी लोक बिनदिक्कत पुढे पाठवत राहतात, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

आधी आकडा. ‘कॅरी ऑन’चे एकूण चित्रपट ३१. त्यांतल्या फक्त ९ चित्रपटांत बार्बराची भूमिका आहे, १९६४ ते १९७४ या काळात. शिवाय १९७७ साली जुन्या दृश्यांच्या संकलनात सहकलाकार केनेथ विल्यम्सबरोबर निवेदन. मालिकेतलीच दुसरी अभिनेत्री जोन सिम्स २४ चित्रपटांत आहे. तरीही मालिका म्हटली की लोकांना आधी बार्बरा आठवते.

आता ती बिकिनी. ‘कॅरी ऑन कॅम्पिंग’चं चित्रीकरण १९६८ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये पाइनवुड स्टुडिओच्या आवारात झालं. गोष्ट उन्हाळ्याची, प्रत्यक्षात कडाक्याची थंडी आणि पायाखाली चिखल. गवत दिसावं म्हणून चिखलावर हिरवा रंग मारलेला. बिकिनीला मासे धरायच्या गळाची दोरी अडकवून ती कॅमेऱ्याबाहेरून खेचली. एकतीस वर्षांची बाई, शाळकरी मुलगी म्हणून, त्या गारठ्यात हात फैलावून व्यायाम करते आहे आणि चेहऱ्यावर थंडीचा मागमूस नाही! बिकिनी जाऊन आदळते केनेथ विल्यम्सच्या तोंडावर. अशा दृश्यात क्षणभर आधी सावरलं किंवा क्षणभर उशीर झाला, तर हशा गेलाच. टायमिंग म्हणतात ते हेच. हे ज्यांना अभिनय वाटत नाही, त्यांनी विनोद करून बघावा.

आणि अभिनय केलाच नाही म्हणणाऱ्यांनी जरा सालं पाहावीत. पहिल्या ‘कॅरी ऑन’च्या आधीच ती लंडनच्या स्ट्रॅटफर्ड भागात जोन लिटलवुडच्या थिएटर वर्कशॉपमध्ये घडली होती. लिटलवुडनेच दिग्दर्शित केलेला ‘स्पॅरोज कान्ट सिंग’ हा चित्रपट १९६३ चा. खलाशी नवरा दोन वर्षांनी घरी परततो, तोवर बायको एका बसड्रायव्हरबरोबर राहू लागलेली असते. ती बायको, मॅगी, बार्बराने केली आणि त्यासाठी तिला बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट पुरस्काराचं नामांकन मिळालं. मग ब्रॉडवेवर ‘ओह, व्हॉट अ लव्हली वॉर!’, आणि १९६५ साली टोनी या अमेरिकी नाट्यपुरस्काराचं नामांकन. पुढे १९७० मध्ये रंगमंचावर जुन्या काळची गायिका मारी लॉइड, १९८१ मध्ये ‘एन्टरटेनिंग मिस्टर स्लोन’ नाटकातली कॅथ. रंगभूमी तिने कधी सोडलीच नाही.

राहिला ‘ईस्टएंडर्स’चा मुद्दा. त्यात एक गोष्ट खरी आहे: बार्बरा लंडनच्या शोरडिचमध्ये जन्मली, तिथल्या कामगारवस्तीचा तो कॉकनी बाज तिचा घरचाच. पण तिने केलेलं पेगी मिचेल या पबमालकिणीचं पात्र तिच्यासाठी घडवलेलं नव्हतं. १९९१ मध्ये ते जो वॉर्नरने केलं होतं. बार्बरा आली १९९४ साली. आणि आल्यावर ती पबच्या गल्ल्यामागे उभं राहून नुसती ओरडत बसली नाही. पेगीला स्तनाचा कर्करोग होतो, शस्त्रक्रियेत स्तन काढावा लागतो. एकेकाळी जिच्या छातीवर अख्ख्या देशाने विनोद केले, त्या बाईने लाखो प्रेक्षकांसमोर हे साकारलं. याला स्वतःचीच भूमिका कसं म्हणायचं?

२०१६ मध्ये ती पेगीचा शेवट करायला परत आली. कर्करोग उलटलेला, पेगीने मरायचं ठरवलेलं, आणि अखेरच्या रात्री खोलीत तिच्यासमोर उभी राहते केव्हाच मरून गेलेली जुनी वैरीण-मैत्रीण पॅट. दोघी बोलतात, भांडतात. बार्बराला २०१४ सालीच अल्झायमरचं निदान झालं होतं. लोकांना ते कळलं २०१८ मध्ये. म्हणजे हे सगळे संवाद तिने तो आजार सोबत घेऊन म्हटले, आणि बघणाऱ्यांना कळलंही नाही.